कुर्ल्यात खोली, गावाकडे हिशोब : शिकणाऱ्या पोरांच्या घरभाड्याला सरकारचे किती पैसे मिळतात आणि ते कसे मागायचे

मुंबई (कुर्ला) : बारावीचा निकाल लागला, मुंबईच्या कॉलेजात नंबर लागला, की घरात पेढे वाटले जातात आणि रात्री जेवताना पहिला प्रश्न निघतो, पोरगं राहणार कुठे? शासकीय वसतिगृहात जागा मिळाली तर ठीक. नाही मिळाली, तर ओळखीचा कुणीतरी सांगतो, "कुर्ल्याला बघा, तिथं खोली होऊन जाते." आपल्या तालुक्यांतली कितीतरी मुलं अशीच कुर्ल्यात पोचतात. एसटीने येणारा नेहरूनगर डेपोत उतरतो, रेल्वेने येणारा लोकमान्य टिळक टर्मिनसला. मध्य आणि हार्बर दोन्ही रेल्वेमार्ग कुर्ल्यात एकत्र येतात. कलिना विद्यापीठ, विद्याविहार, चेंबूर सगळं जवळ. त्यामुळे शिकणारा, काम शोधणारा आणि दोन्ही करणारा असे सगळेच इथे खोली शोधतात.

ब्रिटनसारख्या देशात कमी कमाईच्या भाडेकरूला घरभाड्यासाठी सरकार थेट मदत करतं. आपल्याकडे असा सरसकट भत्ता नाही. मजुराला नाही, दुकानात काम करणाऱ्याला नाही. पण वसतिगृहात प्रवेश न मिळालेल्या विद्यार्थ्याला मात्र आहे, आणि त्यात घरभाड्याची रक्कम वेगळी काढून दिलेली आहे. बऱ्याच पालकांना योजनेचं नाव माहीत असतं, रक्कम माहीत असते. त्या रकमेत कुर्ल्याचं भाडं कितपत भागतं आणि कोणता कागद नसला की अर्ज अडकतो, हे मात्र पोरगं मुंबईला गेल्यावर कळतं.

कोणासाठी कोणती योजना

अनुसूचित जाती आणि नवबौद्ध विद्यार्थ्यांसाठी भारतरत्न डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना आहे. 2016-17 पासून ती चालू आहे आणि सामाजिक न्याय विभागाकडे आहे. आदिवासी विद्यार्थ्यांसाठी पंडित दीनदयाळ उपाध्याय स्वयंम योजना आहे, ती आदिवासी विकास विभागाकडे. इतर मागासवर्ग, भटके-विमुक्त आणि विशेष मागास प्रवर्गासाठी ज्ञानज्योती सावित्रीबाई फुले आधार योजना 2023 च्या अखेरीस मंजूर झाली. तिला जिल्ह्यामागे 600 विद्यार्थ्यांची मर्यादा आहे, म्हणजे अर्ज केला की मिळालंच असं नाही. या तिन्हींत बसत नसलेल्या अल्पभूधारक शेतकऱ्यांच्या आणि नोंदणीकृत मजुरांच्या मुलांसाठी डॉ. पंजाबराव देशमुख वसतिगृह निर्वाह भत्ता योजना आहे, तिचा अर्ज महाडीबीटीवर भरायचा असतो. सातबारा असून अल्पभूधारकाचा दाखला कधी काढलाच नाही, अशी घरं आपल्याकडे भरपूर. तो दाखला निकालाआधीच तहसीलमधून काढून ठेवावा.

खाली हिशोब मुख्यतः स्वाधारचा दिला आहे. स्वयंम आणि आधारमध्येही मुंबईसाठी रकमा तेवढ्याच आहेत.

साठ हजार म्हणजे नेमके किती

मुंबई, नवी मुंबई, ठाणे, पुणे, पिंपरी-चिंचवड आणि नागपूर या शहरांत शिकणाऱ्यास वर्षाला 60,000 रुपये. त्याची फोड अशी : भोजन भत्ता 32,000, निवास भत्ता 20,000, निर्वाह भत्ता 8,000. बाकीच्या मोठ्या महापालिका शहरांत हीच बेरीज 51,000 होते आणि जिल्ह्याच्या ठिकाणी 43,000. याशिवाय शैक्षणिक साहित्यासाठी वैद्यकीय आणि अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्यांना वर्षाला 5,000 आणि इतर शाखांना 2,000 रुपये वेगळे.

आता निवास भत्ता बाराने भागून बघा. 20,000 भागिले 12, म्हणजे महिन्याला 1,667 रुपयांच्या आत-बाहेर. एवढ्यात कुर्ल्यात खोली सोडा, चौघांच्या खोलीतली एक जागासुद्धा निघणं अवघड.

उदाहरण धरू. चार मुलांनी मिळून एक खोली आणि स्वयंपाकघर घेतलं. समजा भाडं 14,000, डिपॉझिट 50,000 आणि दलालाला एक महिन्याचं भाडं. भाडं भागाप्रमाणे कमी-जास्त होईल, त्यामुळे आकडे आपले घालावेत, रीत हीच ठेवावी. एका मुलाच्या वाट्याला महिन्याचं भाडं 3,500, डिपॉझिट 12,500, दलाली 3,500. कराराच्या नोंदणीचा खर्च पुढे दिला आहे, तो माणशी सव्वाचारशेच्या आसपास धरा. चावी हातात पडायच्या आधी पहिल्या महिन्याच्या भाड्यासह एकेका घरातून 19,900 रुपयांच्या वर निघाले. वर्षभराचा निवास भत्ता पहिल्याच दिवशी संपला, आणि तो अजून खात्यात आलेलाही नाही.

पुढे वर्षाचं बघू. अकरा महिन्यांचं भाडं 38,500. खानावळ महिन्याला 3,500 धरली तर तेही 38,500. दलाली आणि करार मिळून 3,925. बेरीज 80,925. डिपॉझिट यात धरलेलं नाही, कारण ते परत मिळायचं असतं, पण वर्षभर अडकून पडतं. लोकलचा पास, विजेचं बिल, वह्या-पुस्तकं आणखी वेगळी. साठ हजार पूर्ण मिळाले तरी घरून 21,000 च्या आसपास घालावे लागतील आणि डिपॉझिटचे 12,500 वेगळे उभे करावे लागतील.

आणि साठ हजार पूर्ण मिळतीलच असंही धरू नये. मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीत जो निर्वाह भत्ता मिळतो, तो स्वाधारच्या रकमेतून वजा धरला जातो. शिष्यवृत्ती वेगळी आणि स्वाधार वेगळं असं समजून दोन्ही पूर्ण मोजणारे पालक इथे चुकतात.

सगळ्यात मोठी गोष्ट वेळेची. हे पैसे आगाऊ येत नाहीत. अर्ज, छाननी, मंजुरी झाल्यावर हप्त्याने खात्यात पडतात, आणि पुढचा हप्ता कॉलेजच्या हजेरीच्या दाखल्यावर अवलंबून असतो. घरमालक मात्र पाच तारखेला दारात उभा असतो. जून ते दिवाळी एवढ्या काळाचं भाडं आणि खानावळ घरातून निघेल, अशी तजवीज करूनच पोराला पाठवावं. अनुदान येईल या भरवशावर सावकाराकडून किंवा बचत गटातून उचललं, तर येणाऱ्या भत्त्यातलं व्याजच पहिलं जातं.

पात्रता, थोडक्यात

घराचं वार्षिक उत्पन्न अडीच लाखांच्या आत हवं आणि तसा तहसीलदारांचा दाखला हवा. आधीच्या परीक्षेत किमान 50 टक्के गुण, दिव्यांग विद्यार्थ्याला 40 टक्के. अभ्यासक्रम दोन वर्षांपेक्षा कमी मुदतीचा नसावा. विद्यार्थी त्या शहराचा रहिवासी नसावा. ज्याच्या बापाच्या नावावर मुंबईत घर किंवा रेशनकार्ड आहे त्याला हे मिळत नाही, आणि काका-मामाच्या पत्त्यावर मुलाचं आधारकार्ड करून ठेवलेलं असेल तर तिथेही प्रश्न निघतो. मुंबईत आल्या आल्या सिम किंवा गॅससाठी आधारचा पत्ता बदलायची घाई करू नये. गावचा पत्ता हाच इथे कामाचा आहे.

शासकीय वसतिगृहात प्रवेश घेतलेला नसावा ही मुख्य अट. म्हणून वसतिगृह आधी, स्वाधार नंतर असा क्रम आहे. आता दोन्हींसाठी समाजकल्याण विभागाचं एकच पोर्टल आहे, एचएमएएस डॉट महाआयटी डॉट ओआरजी. चेंबूरचं संत एकनाथ वसतिगृह कुर्ल्यापासून जवळ आहे. तिथे जागा मिळाली तर राहणं-खाणं दोन्ही सुटतं, त्यामुळे वसतिगृहाचा अर्ज मनापासून भरावा. "स्वाधारचे रोख पैसे मिळतात, वसतिगृह कशाला" असं काही मुलं म्हणतात. वरचा हिशोब त्यांच्यापुढे ठेवावा.

अर्ज कुठल्या कार्यालयाचा

इथे बरीच धावपळ वाया जाते. मुलगा राहतो कुठे यावर कार्यालय ठरत नाही, कॉलेज कुठल्या जिल्ह्यात आहे यावर ठरतं. कुर्ला मुंबई उपनगर जिल्ह्यात येतं. पण कुर्ल्यात राहून फोर्ट किंवा चर्चगेटच्या कॉलेजात जाणाऱ्याचा अर्ज मुंबई शहर जिल्ह्याच्या सहायक आयुक्तांकडे जातो. कलिना, विद्याविहार, चेंबूर, अंधेरीच्या कॉलेजांचा अर्ज मुंबई उपनगरच्या सहायक आयुक्त, समाजकल्याण यांच्याकडे. ते कार्यालय चेंबूरला आर. सी. मार्गावर प्रशासकीय भवनात चौथ्या मजल्यावर आहे. आधार योजनेसाठी इतर मागास बहुजन कल्याण विभागाचं जिल्हा कार्यालय आणि स्वयंमसाठी आदिवासी विकासचं प्रकल्प कार्यालय बघायचं.

आपल्या जिल्ह्याच्या समाजकल्याण कार्यालयात चकरा मारून उपयोग नाही. तिथून निघणारे कागद फक्त जात, उत्पन्न आणि रहिवासाचे, आणि तेही तहसील-सेतूतून.

घरभाड्याचा कागद

बाकी सगळे कागद बहुतेकांकडे असतात : जातीचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, गुणपत्रक, बोनाफाईड, शाळा सोडल्याचा दाखला. अडतं ते राहण्याच्या पुराव्यावर. अर्जासोबत भाडेकराराची किंवा खासगी वसतिगृहात राहत असल्याची प्रत मागतात. सोबत स्थानिक रहिवासी नसल्याचं आणि कुठल्याही शासकीय वसतिगृहात प्रवेश न घेतल्याचं प्रतिज्ञापत्र. खानावळीच्या पावत्याही जपून ठेवाव्या लागतात.

कुर्ल्यातल्या स्वस्त खोल्या बऱ्याचदा चाळीत किंवा झोपडपट्टीत असतात. तिथला घरमालक म्हणतो, डिपॉझिट कमी घेतो, पण करार-बिरार काही नाही, भाडं रोख. मुलं खूश होतात. तीन महिन्यांनी पोर्टलवर अर्ज भरायला बसतात तेव्हा जोडायला कागद नसतो, आणि घरमालक तोपर्यंत सही करायला तयार नसतो. म्हणून खोली बघायला गेल्यावर भाडं विचारायच्या आधी करार देणार का हे विचारावं. दोन-तीनशे रुपये भाडं जास्त पडलं तरी चालेल, पण कागद देणारा मालक धरावा. त्या कागदावर साठ हजार अवलंबून आहेत.

कायदा भाडेकरूच्या बाजूने आहे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, 1999 च्या कलम 55 प्रमाणे लिव्ह अँड लायसन्सचा करार लेखी आणि नोंदणीकृतच हवा, आणि नोंदणीची जबाबदारी घरमालकावर आहे. नोंदणी केली नाही तर तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा 5,000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. वाद झाला आणि करार नोंदवलेला नसेल, तर उलट सिद्ध होईपर्यंत भाडेकरू सांगेल त्याच अटी खऱ्या धरल्या जातात. अर्थात अठरा वर्षांच्या पोराने घरमालकाला कलम दाखवायला जाऊ नये. सोबत बाप, चुलता किंवा मुंबईत दहा वर्षं काढलेला गावकरी असावा आणि त्याने गोडीने सांगावं.

नोंदणीचा खर्च घरमालक फुगवून सांगतो. खरा हिशोब सोपा आहे. एकूण भाडं आणि परत मिळणाऱ्या डिपॉझिटवरचं वर्षाला 10 टक्क्यांप्रमाणे व्याज, या बेरजेवर पाव टक्का मुद्रांक शुल्क. वरच्या उदाहरणात अकरा महिन्यांचं भाडं 1,54,000 आणि डिपॉझिटवरचं व्याज 4,583. दोन्हींवर पाव टक्का म्हणजे 400 रुपयांच्या आसपास. महापालिका हद्दीत नोंदणी फी 1,000. ऑनलाइन दस्त हाताळणीचे 300 धरले तर सगळे मिळून 1,700. त्यावर एजंट घरी येऊन अंगठे घेण्याचं काय मागतो ते ठरवून घ्यावं, पण "करार करायचा तर पाच हजार लागतील" असं कुणी म्हणालं तर जागेवर हिशोब मांडावा.

करारात चौघांचीही नावं घालावीत. एकाच्याच नावावर करार झाला तर बाकी तिघांच्या अर्जाला पुरावा राहत नाही. ही चूक फार होते, कारण मालकाला एकच आधारकार्ड पुरेसं वाटतं. दुसरं, करार बहुधा अकरा महिन्यांचा असतो. पुढच्या वर्षीचा अर्ज भरायच्या वेळी तो संपलेला असतो, तेव्हा नूतनीकरणाचा महिना वहीत लिहून ठेवावा. भाडं शक्यतो यूपीआयने द्यावं, रोख दिलं तर सही घ्यावी. मुंबई पोलिसांकडे भाडेकरूची माहिती ऑनलाइन भरणं घरमालकाचं काम आहे, ती भरली का ते विचारून तिची प्रत घ्यावी. राहण्याचा आणखी एक पुरावा होतो.

दाखल्यांसाठीच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क माफ आहे. सेतूबाहेर बसलेला माणूस पाचशेचा स्टॅम्प घ्यायला लावत असेल तर आधी आत विचारावं.

खोली कशी आहे तेही बघा

27 जून 2022 च्या रात्री कुर्ला पूर्वेच्या नाईकनगर सोसायटीत चार मजली इमारतीचा भाग कोसळला. 19 जणांचा जीव गेला. मेलेल्यांत परगावाहून आलेले, भाड्याने राहणारे मजूर होते. स्वस्त खोली का स्वस्त आहे याचं उत्तर कधीकधी भिंतीत असतं. महापालिका दर पावसाळ्याआधी अतिधोकादायक म्हणजे सी-1 इमारतींची यादी काढते. कुर्ला एल विभागात येतं, विभाग कार्यालय कुर्ला पश्चिमेला आहे. इमारतीचं नाव यादीत आहे का ते बघावं, इमारतीवर पालिकेची नोटीस चिकटवलेली आहे का तेही बघावं, आणि शेजारच्या दुकानदाराला विचारावं. मालकाला विचारून काही कळणार नाही.

मिठी नदीच्या कडेच्या वस्त्यांत तळमजल्याची खोली घेताना पावसात पाणी कुठपर्यंत चढतं हेही विचारावं. जून-जुलैत, ऐन प्रवेशाच्या वेळी, हे समजून येतं.

आणखी एक गैरसमज. कुर्ल्यात "झोपडीवाल्यांना बिल्डर भाडं देतो" असं ऐकून काही मुलं आपल्यालाही मिळेल म्हणून विचारतात. ते झोपडपट्टी पुनर्वसन योजनेतलं भाडं आहे, पात्र झोपडीधारकाला इमारत होईपर्यंत मिळतं. त्याच्याकडे भाड्याने राहणाऱ्या विद्यार्थ्याचा त्याच्याशी संबंध नाही. उलट ती वस्ती पुनर्विकासात गेली तर खोली अचानक सोडावी लागते, त्यामुळे खोली घेताना वस्तीत बिल्डरचा सर्व्हे चालू आहे का ते विचारून घ्यावं.

मंजूर होऊनही पैसे का येत नाहीत

दोन कारणं नेहमीची. पहिलं बँक खातं. खात्याला आधार नंबर दिलेला असणं वेगळं आणि अनुदान जमा होण्यासाठी तेच खातं आधारशी जोडलेलं असणं वेगळं. मुलाची दोन-तीन खाती असतील तर पैसे भलत्याच खात्यात जातात, किंवा बंद पडलेल्या खात्यावरून परत फिरतात. बँकेत जाऊन "डीबीटीसाठी आधार सीडिंग कोणत्या खात्याला आहे" असं स्पष्ट विचारावं. गावच्या बँकेत हे दहा मिनिटांचं काम आहे, मुंबईतून फोनवर होत नाही.

दुसरं हजेरी. 75 टक्के हजेरी लागते. सोयाबीन काढायला, कापूस वेचायला माणूस मिळत नाही म्हणून पोराला पंधरा दिवस गावी बोलावलं, की मजुरी वाचते तीन-चार हजारांची आणि हप्ता अडकतो त्याच्या कितीतरी पट. घरची अडचण खरी असते, पण एकदा बोलावण्याआधी पोराला हजेरी किती भरली ते विचारावं. कॉलेजच्या ऑफिसातून सत्र संपताच हजेरीचा दाखला घेऊन पोर्टलवर चढवायचा असतो. तो आपोआप जात नाही.

अर्जात त्रुटी निघाली तर पोर्टलवर आणि मोबाईलवर कळवलं जातं. म्हणून अर्जात बापाचा नंबर न देता मुलाचा, चालू असलेला नंबर द्यावा. त्रुटी पूर्ण करायला मुदत असते, ती गेली की वर्ष गेलं. चेंबूरच्या कार्यालयात जाताना अर्जाचा क्रमांक, भाडेकराराची मूळ प्रत, पासबुक आणि सगळ्या कागदांच्या दोन झेरॉक्स घेऊन जावं. कुर्ल्याहून हार्बरने चेंबूर दुसरं स्टेशन, चुनाभट्टीकडे नव्हे, मानखुर्द-पनवेलच्या गाडीत बसायचं.